तिसरी कॅसेट परत लावा: महोत्सव समितीला खुलं पत्र

प्रति,
माननीय अध्यक्ष, सचिव आणि सर्व सदस्य,
आपल्या शहराच्या चित्रपट महोत्सवाची समिती यांस,

सप्रेम नमस्कार.

हे पत्र उघड्यावर लिहायची वेळ आली कारण बंद पाकिटातून दोनदा लिहून झालं. एकदा सचिवांच्या घरी जाऊन हातात दिलं (वहिनींनी सोलकढी दिली, ती फर्स्टक्लास होती, त्याबद्दल तक्रार नाही), दुसऱ्यांदा नाट्यगृहाच्या ऑफिसात देऊन पोच घेतली. दोन्हींचं मिळून उत्तर आलं ते व्हॉट्सअॅपवर, एका ओळीत. "रात्री ११ नंतरचा स्लॉट यंदा नाही, सदर चित्रपट महोत्सवाच्या दर्जाला साजेसे नाहीत." खाली हात जोडलेले दोन इमोजी. तीन वर्षं आम्ही सात-आठ जणांनी पदरमोड करून चालवलेला खेळ एवढ्यात आटोपला. अध्यक्ष सरांनी मला आठवी-नववीला मराठी शिकवलंय, 'साजेसं' हा शब्द कुठे वापरायचा तेही त्यांनीच शिकवलंय, त्यामुळे मी भांडणार आहे पण नीट भांडणार आहे.

ज्यांना आमचा खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. महोत्सवाच्या तिन्ही दिवशी, शेवटचा सिनेमा संपला की रात्री ११ ते २ आम्ही नाट्यगृहात कमी पैशातले भुताचे, मारधाडीचे, जादूचे सिनेमे लावायचो. रामसे बंधूंचे भुताचे, मालेगावच्या हौशी मंडळींचे, दारासिंगचा १९६७ सालचा चंद्रावर जायचा तो 'चाँद पर चढाई', असे. स्लॉटचं नाव 'तिसरी कॅसेट'. ते नाव का, ते सांगते, कारण माझा या भानगडीशी संबंध तिथूनच येतो.

माझे बाबा व्हीसीआर भाड्यानं द्यायचे. साधारण ८६ पासून केबल गावात येईपर्यंत. एका रात्रीचं पॅकेज म्हणजे रंगीत टीव्ही, व्हीसीआर आणि तीन कॅसेट, सोबत बाबा स्वतः, कारण मशीन ते कुणाच्या हातात द्यायचे नाहीत. गणपतीत जागरणाला मागणी एवढी की नावं आधीच वहीत लिहून ठेवायला लागायची. मुंबईहून चाकरमानी आलेले, घरात माणसं मावत नाहीत, भजनं बारा-साडेबाराला संपायची, उसळ-पाव आणि चहा व्हायचा, मग खळ्यात टेबलावर टीव्ही मांडायचा, समोर ताडपत्री. पहिली कॅसेट देवाची नाहीतर घरगुती रडारडीची, म्हाताऱ्या माणसांसाठी. दुसरी अमिताभ किंवा मिथुन. आणि तिसरी, पहाटे तीनच्या सुमाराला, आज्या आणि काक्या आडव्या झाल्या की मग, भुताची. कुणी मोठ्यानं मागायचं नाही, नुसतं बाबांजवळ येऊन हळूच "तिसरी कसली आणलास?" एवढंच विचारायचं. मी पिशवीत कॅसेट धरून बाजूला बसलेली असायची, बॅटरी माझ्याकडे, स्पिरिटचा कापूस माझ्याकडे, हेड खराब झालं आणि पडद्यावर मुंग्या आल्या की तो पुढे करायचा. आत्या बाबांना बोलायच्या, "चेडवाक रातभर खय घेऊन फिरतस रे?" पण बाबा न्यायचे.

तिसऱ्या कॅसेटमध्ये सगळ्यात जास्त फिरलेली म्हणजे रामसेंचा 'पुराना मंदिर'. ती इतकी चालली की टेप मध्ये दोन ठिकाणी तुटली आणि बाबांनी चिकटपट्टीनं जोडली, त्यामुळे त्यातला राक्षस सामरी दरवाजातून आत यायच्या ऐवजी एकदम आतच असायचा. मला मोठी होईपर्यंत वाटायचं की सिनेमाच तसा आहे, आणि खरं सांगू का, बाबांची जोडाजोड जास्त भीतीदायक होती. आणि लाईट गेली तर! सामरीचा चेहरा पडद्यावर आणि वाडीची लाईट गेली, मग तीस-चाळीस माणसं काळोखात गप्प, फक्त रातकिडे, आणि कुणीतरी म्हातारा झोपेत खोकला की बायका किंचाळायच्या. सिनेमाचे पैसे खरे तिथे वसूल व्हायचे. तिथे आणि नंतर घरी येताना, पाणंदीतून, बाबांच्या डोक्यावर टीव्ही, माझ्या हातात बॅटरी, आणि तिठ्यावर देवचार, म्हणजे आमच्याकडचं भूत, असतं हे दोघांनाही माहीत.

आता मुद्द्याला येते. तक्रारी मांडते, जशा आठवतील तशा.

पहिली तक्रार त्या 'दर्जा' शब्दाबद्दल. गेल्या वर्षी तुम्ही उद्घाटनाला 'अर्धसत्य' लावलात, उत्तम केलंत, मी पण बघितला आणि टाळ्या वाजवल्या. त्यात रामा शेट्टी कोण? सदाशिव अमरापूरकर. सिनेमा १९८३ चा. आता १९८४ चा 'पुराना मंदिर' बघा, त्यात दुर्जन कोण? तेच अमरापूरकर. मग सर, दर्जा नक्की कुठल्या महिन्यात उतरला? 'जाने भी दो यारो' मधला डिमेलो, म्हणजे सतीश शहा, ज्याचं प्रेत घेऊन सगळे पळतात आणि ज्यावर तुमच्या चर्चासत्रात एक तास भाषण झालं, तेच सतीश शहा 'पुराना मंदिर' मध्ये आहेत आणि रामसेंच्याच 'वीराना' मध्ये तर हिचकॉक (भयपटांचा तो मोठा विलायती दिग्दर्शक) नावाच्या माणसाचं काम करतात, म्हणजे त्या मंडळींना आपण कशाची नक्कल मारतोय ते पुरेपूर माहीत होतं. आणि सामरी स्वतः, अनिरुद्ध अगरवाल, शिक्षणानं इंजिनियर, पुढे शेखर कपूरच्या 'बँडिट क्वीन' मध्ये दिसतो. तो सिनेमा तुमच्या यादीत आहे. म्हणजे माणसं तीच, तुम्हाला फक्त त्यांच्या चेहऱ्यावरचा मेकअप नकोय.

आणि कमी पैशात केलं म्हणजे आळशीपणानं केलं असं नसतं. रामसे कुटुंब मूळचं रामसिंघानी, वडिलांचं रेडिओचं दुकान आधी कराचीला, फाळणीनंतर मुंबईत. वडिलांनी १९७० ला 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' काढला, तो पडला, पण त्यात पृथ्वीराज कपूर भयंकर मुखवटा घालून चोरी करतात तो एक सीन होता आणि लोक तेवढ्यासाठी पुन्हा थेटरात येतायत हे पोरांनी बघितलं. थेटरात उभं राहून माणसं कशाला दचकतात ते बघणं, हा त्यांचा अभ्यास. मग १९७२ ला 'दो गज जमीन के नीचे', सगळी माणसं महाबळेश्वरला नेली, सरकारी विश्रामगृहात उतरवली, सेट बांधायचा प्रश्नच नाही. सात भाऊ, एक लिहितो, एक कॅमेरा, एक आवाज, एक एडिटिंग, तुलसी आणि श्याम डायरेक्शन. आपल्याकडे काजूचा कारखाना असाच चालतो, एक भाऊ बिया भाजतो, वहिनी सोलतात, धाकटा मुंबईला विकतो. त्याला आपण कौतुकानं घरगुती उद्योग म्हणतो, आणि तेच सिनेमात केलं की बी ग्रेड.

रामसे मंडळी आपल्या किनाऱ्यावर मुरुडला पण यायची, नवाबाच्या राजवाड्यात शूटिंग करायला. त्या वाड्याच्या जिन्यावरून किती भुतं उतरली असतील देव जाणे.

दुसरी तक्रार, आणि ही माझी जुनी आहे, तुम्ही स्लॉट बंद करायच्या आधीपासूनची. तुमच्या पत्रकात पहिल्या वर्षी आमच्या खेळाचं नाव छापलं होतं 'भंगार सिनेमांची धमाल रात्र'. मी तेव्हा बोलले नाही, आपल्याला जागा मिळतेय ना मग कशाला, असं वाटलं. बोलायला पाहिजे होतं. कारण भंगार म्हणून बोलावलं की माणसं भंगार बघायला येतात. इंजिनियरिंगची पोरं आली, पहिल्या मिनिटापासून खिंकाळत होती, पडद्यावर काय चाललंय त्याच्याशी घेणंदेणं नाही, मोबाईलवर व्हिडिओ काढून स्टेटसला. मी हसण्याच्या विरोधात नाही हां, भुताचा नकली हात टेबलावरून सरकतो तेव्हा हसू येतंच, मला पण येतं. पण पहिली दहा मिनिटं हसून झाल्यावर काय? दुसऱ्या वर्षी आम्ही तुमच्या मागे लागून ते 'भंगार' काढायला लावलं, आणि तीच पोरं परत आली, आणि यावेळी 'वीराना' चालू असताना एका जागी सगळं नाट्यगृह असं गप्प झालं की बाहेर समुद्राची गाज ऐकू आली. नंतर त्यातलाच एक मला म्हणतो, "ताई, पार्किंगपर्यंत याल काय?" घाबरला होता मेला.

हे लोकांना इतकं का चिकटतं याचा मी खूप विचार केलाय, दुकानात झेरॉक्स काढता काढता दुसरं काम नसतं. आणि मला वाटतं याचं उत्तर आपल्याकडच्याच जत्रेत आहे.

आमच्या वाडीतले एक काका दशावतारात राक्षसाची कामं करायचे. दिवसा होडीवर, रात्री राक्षस. तुम्हाला सगळ्यांना माहीत आहे दशावताराचं सामान काय असतं, देवळाच्या मांडवात एक बाकडं, तेच सिंहासन, तोच रथ, तोच डोंगर. पेटी, मृदंग, झांज. राक्षस येताना राळ उडवायची. आणि बोर्डावर काय लिहिलेलं असतं? 'ट्रिकसीनयुक्त'! आजही लिहितात. ट्रिकसीनयुक्त नाट्यप्रयोग आहे म्हटलं की गर्दी डबल. मी सहा-सात वर्षांची असेन, वरून नाग खाली येत होता आणि मला त्याची दोरी दिसली. साफ दिसली, पेट्रोमॅक्सच्या उजेडात चमकत होती. मला वाटलं मी काहीतरी मोठा शोध लावला. दुसऱ्या दिवशी काकांना सांगितलं, "काकानू, ती दोरी दिसता." काका जाळं विणत होते. वर बघितलं पण नाही. म्हणाले, "दिसांदे गो. दोरी दिसली म्हणान साप चावूचो रवता काय?"

सर, पन्नाशी जवळ आली तरी यापेक्षा चांगलं सिनेमाबद्दल कुणी मला सांगितलेलं नाही. तुमच्या चर्चासत्रात पण नाही, सॉरी.

ते बाबूभाई मिस्त्री होते ना, जुन्या काळापासून सिनेमात ट्रिक करणारे, त्यांना इंडस्ट्रीत 'काला धागा' म्हणायचे, कारण काळ्या पडद्यासमोर काळ्या दोऱ्यानं वस्तू उडवायचे. दशावतारातली दोरी आणि हा धागा एकाच रिळातला. महागड्या सिनेमात दोरी कॉम्प्युटरवर पुसून टाकतात, चांगलंच आहे, पण मग बघणाऱ्याला काम उरत नाही. स्वस्तातल्या सिनेमात दोरी दिसते आणि तरी घाबरायचं की नाही ते तुम्हाला ठरवावं लागतं, अर्धं भूत पडद्यावर आणि अर्धं आपण घरून घेऊन गेलेलं. म्हणून माणसं तोच सिनेमा वीस-वीस वेळा बघतात, डायलॉग पाठ करतात, आपल्यासारखं दुसरं येडं भेटलं की गळ्यात पडतात. कांती शहाचा १९९८ चा 'गुंडा' बघा, थेटरात कधी आला कधी गेला कळलं नाही, पुढे हॉस्टेलांमधून कॉम्प्युटरवर फिरला आणि आज देशभर पाठ आहे. त्यात प्रत्येक व्हिलन येतो, कॅमेऱ्यासमोर उभा राहतो आणि यमक जुळवून स्वतःचं नाव सांगतो. लोक म्हणतात काय हा वेडेपणा. अरे वेडेपणा कसला, आपल्याकडे राजा आणि असुर तसेच तर एन्ट्री घेतात, आधी मी कोण ते सांगायचं आणि मग युद्ध! आणि त्यातला पोते नावाचा व्हिलन म्हणजे आपले मोहन जोशी, जे पुढे मराठी नाट्य परिषदेचे अध्यक्ष झाले. त्यांना बोलावून सत्कार करायचा विचार तुमच्या मिटिंगमध्ये झाला होता असं ऐकलंय. करा, नक्की करा, मी हार घेऊन येते.

तिसरी तक्रार खरं तर तक्रार नाही, कबुली आहे. समितीतल्या एका ताईंनी म्हटल्याचं कानावर आलं की असल्या सिनेमांत बायकांना जे दाखवतात ते कुटुंबासोबत बघवत नाही. ताई, तुमचं बरोबर आहे. दुसऱ्या वर्षी 'गुंडा' मीच लावला होता आणि अर्ध्यात मलाच बघवेना. त्यात बलात्कार विनोदासारखा वापरलाय, आणि यमक कितीही जुळू दे ते तसं आहे. रामसेंच्या सिनेमात पण हिरोईन कारण नसताना आंघोळीला जाते आणि कॅमेरा तिथे आधीच पोचलेला असतो. बुटक्या माणसांची, आदिवासींची चेष्टा तर पावलोपावली. हे सगळं मला आवडतं म्हणून मी झाकणार नाही. तिसऱ्या वर्षी आम्ही 'गुंडा' यादीतून काढून टाकला, प्रत्येक सिनेमाच्या आधी मी दोन मिनिटं उभी राहून काय येणार आहे ते सांगायची, ज्यांना जायचंय त्यांनी जावं. त्या वर्षी बायका जास्त आल्या, बरं का. मच्छी मार्केटमधल्या चौघी जणी तर पुढच्या रांगेत, चकल्या घेऊन. म्हणजे यावर इलाज आहे, पण तो एकत्र बसून निवड करण्याचा आहे, दाराला कुलूप लावण्याचा नाही. आणि हाच नियम असेल तर संध्याकाळी ६ वाजता लावलेल्या मोठ्या बॅनरच्या सिनेमांना पण लावा, त्यातल्या आयटम साँगच्या वेळी पुढच्या रांगेत कोण कोण होतं ते मी लिहीत नाही.

चौथी. तुम्हाला भूत नकोय असं नाहीच आहे. यंदाच्या पोस्टरवर 'भयाची भूमी कोकण' असं छापून वाडा, वड आणि कंदील घातलाय. म्हणजे कोकणातलं भूत पाहिजे पण शंभर कोटींचं पाहिजे. 'मुंज्या' २०२४ ला आला आणि तुफान चालला, मला पण आवडला, आपला मुंजा सगळ्या देशाला कळला. आकेरीच्या वाड्यात 'रात्रीस खेळ चाले' चं शूटिंग झालं आणि लोक गाड्या करून वाडा बघायला यायला लागले. छान. पण 'तुंबाड' आठवतो का? खेड तालुक्यातल्या गावाचं नाव घेतलेला सिनेमा, २०१८ ला आला तेव्हा थेटरात फार काही झालं नाही. पुढे लोकांनी घरी बघितला, एकमेकांना सांगितला, आणि २०२४ च्या सप्टेंबरात परत थेटरात लावला तेव्हा पहिल्यापेक्षा जास्त गल्ला जमवला. सहा वर्षं त्याचा दर्जा कुठल्या समितीनं सांभाळला? रात्री जागून बघणाऱ्यांनीच ना?

पाचवी, हक्क आणि पैसे. सचिव म्हणाले की परवानगीशिवाय सिनेमे लावता. पहिल्या वर्षी लावले, खरंय, यूट्यूबवरून उतरवून लावले, तेव्हा आम्हाला अक्कल नव्हती की जाहीर खेळ करायचा तर ज्याच्याकडे हक्क आहेत त्याची परवानगी लागते. दुसऱ्या वर्षापासून रीतसर पत्रं घेतलीत, झेरॉक्स तुमच्या फाईलमध्ये आहे, माझ्याच दुकानातली आहे. पैसे पण आमचेच, तुमचा खर्च नाट्यगृहाचा एसी, जो तसाही चालत नाही.

सहावी तक्रार लिहिताना मात्र माझा हात जड होतो. बाबा गेले तेव्हा घरात एकशे बारा कॅसेट होत्या. कोकणातल्या पावसात टेप टिकवणं काय असतं ते ज्यानं केलंय त्यालाच कळेल. जूनपासून कपाटात साठचा बल्ब चोवीस तास चालू ठेवायचे बाबा, तरी टेपवर पांढरा बुरा धरायचाच, मग एकेक कॅसेट उघडून, स्पिरिट लावून, हातानं फिरवून पुसायची. तेवढं करून राहिलेल्या त्या एकशे बारा. त्यातल्या चाळीस, आणि अकरा जुनी हातानं रंगवलेली पोस्टरं, गावातलं थेटर बंद झालं तेव्हा मालकांनी बाबांना दिलेली, मी पहिल्या महोत्सवाच्या वेळी प्रदर्शनासाठी समितीकडे दिली. लेखी दिली. प्रदर्शन झालं, फोटो आले. मग ती नाट्यगृहाच्या मागच्या स्टोअरमध्ये ठेवली, उद्या नेते परवा नेते करत मी पण ढिलाई केली, ते मान्य. पण पावसाळ्याआधी मी दोनदा चावी मागितली आणि चावी कुणाकडे आहे ते कुणालाच माहीत नव्हतं. ऑक्टोबरात उघडलं तर छप्पर गळत होतं, पोस्टरांना वाळवी लागलेली, कॅसेटच्या खोक्यात पाणी. अकरातली तीन पोस्टरं वाचली. कॅसेटमधल्या सहा. बाबांच्या चिकटपट्टीवाला 'पुराना मंदिर' त्या सहात नाही.

मला नुकसानभरपाई नको, कशाची आणि किती मागणार. पण कुणी "सॉरी" पण म्हणालं नाही. "तसंही ते यूट्यूबवर असतं ना" असं म्हणालं.

असतं यूट्यूबवर. चॅनेलचा लोगो कोपऱ्यात, वरखाली कापलेलं चित्र, सेन्सॉरच्या वर चॅनेलनं अजून मारलेली कात्री. सिनेमाची मूळ निगेटिव्ह वेगळी, तिला दमट हवेत व्हिनेगरसारखा वास सुटतो आणि ती आक्रसत जाते, एकदा गेली की गेली. पुण्याला १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, आणि तिथे सुद्धा २००३ च्या आगीत प्रभातच्या काळातला खजिना जळाला. केंद्र सरकारनं २०२२ मध्ये ३६३ कोटी रुपये २२०० सिनेमे नीट करायला काढले, ही मोठी गोष्ट आहे, पण तिथली रांगही मोठी आहे. रामसेंच्या सिनेमांच्या चकचकीत डीव्हीडी आणि ब्लू-रे कुणी काढल्या? मोंडो मकाब्रो नावाच्या परदेशी कंपनीनं. आपल्या पाणंदीतलं भूत तिकडच्या लोकांनी नीट पुसून-बिसून कपाटात ठेवलं आणि इथे आपण त्याला पावसात भिजवतोय.

आणि मालेगाव! आपल्याच महाराष्ट्रातलं. व्हिडिओ पार्लर चालवणारा शेख नासिर, २००० साली 'मालेगाव के शोले' करतो, पॉवरलूमवर काम करणारी माणसं सुट्टीच्या दिवशी हिरो होतात, ट्रॉली नाही म्हणून सायकल, क्रेन नाही म्हणून बैलगाडी. त्याच माणसावर नंतर बॉलिवूडवाल्यांनी 'सुपरबॉयज ऑफ मालेगाव' काढला, तो परदेशातल्या महोत्सवात गेला, आणि तुम्ही तो यंदा शनिवारी लावताय. लावा, सुंदर सिनेमा आहे. पण नासिरवर काढलेला सिनेमा दर्जाला साजेसा आणि नासिरनं काढलेला सिनेमा साजेसा नाही, हे गणित मला तुमच्यापैकी कुणीतरी समजावून सांगा. मी मच्छी मार्केटमधल्या त्या चौघींना विचारलं, त्यांना पण नाही सुटलं.

तर आता मागण्या. फार नाहीत.

'तिसरी कॅसेट' परत द्या. तीन रात्री नाही जमत तर एक द्या, शनिवारची, ११ नाही तर साडेअकराला, आम्हाला चालेल. निवड करायला तुमच्यातले दोन आणि आमच्यातले दोन असं बसू, चारात निदान दोन बायका पाहिजेत, आणि जो सिनेमा नको तो का नको ते एका कागदावर लिहायचं, 'दर्जा' हा शब्द न वापरता. पत्रकात 'भंगार', 'टाइमपास', 'डोकं बाजूला ठेवून बघा' असलं काही छापायचं नाही.

जे सिनेमे लावू त्यांच्या हक्काचे पैसे निम्मे समितीनं द्यावेत. नाही दिलेत तरी आम्ही भरू, पण मागून बघते.

स्टोअरचं छप्पर दुरुस्त करा आणि चावी कुणाकडे आहे ते दारावर लिहा. उरलेल्या सहा कॅसेट, तीन पोस्टरं आणि माझ्याकडच्या बहात्तर कॅसेट यांच्यासाठी नगर वाचनालयात एक कपाट मिळवून द्यायला मदत करा, काचेचं नको, बल्ब लावता येईल असं. बल्बचं बिल मी देईन. गावात अजून दोघा-तिघांकडे अशा पेट्या माळ्यावर आहेत हे मला माहीत आहे, जागा मिळाली तर ते पण देतील.

आणि शनिवारी दशावतारी कलाकारांना नाट्यगृहात बोलावून आधी अर्धा तास एक ट्रिकसीन, मग सिनेमा, असं करता आलं तर बघा. ही मागणी नाही, इच्छा आहे.

उत्तर लेखी द्या, पंधरा दिवसांत. व्हॉट्सअॅपवर नको. नाही आलं तर आम्ही शनिवारी आमच्या वाडीच्या मांडवात लावणारच आहोत, प्रोजेक्टर आहे, चादर आहे, शेजारच्या गावच्या मंडळींनी जनरेटर देतो म्हटलंय. तुम्हा सगळ्यांना तिथेही आमंत्रण आहे. सर, तुमच्यासाठी खुर्ची ठेवते, गुडघ्याचं मला माहीत आहे.

आपली,
व्हीसीआरवाल्याची मुलगी

ता. क. गेल्या वर्षीचा तुमचा लाल एक्स्टेंशन बोर्ड आमच्याकडे राहिलाय. त्यातलं एक सॉकेट चालत नव्हतं, ते दुरुस्त करून घेतलंय. कधी आणून देऊ ते कळवा.